साठेखत आधी की जप्ती आधी?

मुंबईच्या कॉटन ग्रीन या नावाने दोनदा घर बदललं आहे. मूळची 'ग्रीन' म्हणजे फोर्टातलं टाउन हॉलसमोरचं मैदान, आजचं हॉर्निमन सर्कल. तिथे कापसाच्या गाठींचे ढीग लागत. 1844 मध्ये तो पसारा कुलाब्याला हलला आणि 1920 च्या दशकात पोर्ट ट्रस्टच्या शिवडीच्या भरावावर आला. गाठींमागून नाव आलं, हिरवळ फोर्टातच राहिली.

कुलाब्याच्या दिवसांतच मुंबईने जप्तीची मोठी लाट पाहिली. एप्रिल 1865 मध्ये अमेरिकेतलं यादवी युद्ध संपत आलं, कापूस गडगडला आणि 1 जुलैला वायद्यांची मुदत भरली तेव्हा कालचे लक्षाधीश कोर्टाच्या पायऱ्यांवर होते. अशा वेळी धनको निदान ओरडू तरी शकतो. बुडणाऱ्याचा वाडा घ्यायला इसार देऊन बसलेल्याचं काय?

कायद्याने त्याच्याकडे फार मायेने पाहिलं नाही. 1859 च्या दिवाणी संहितेनुसार जप्तीनंतरची खासगी विक्री रद्दबातल होती. 1908 च्या संहितेतलं कलम 64 जरा सैल आहे: असा व्यवहार फक्त जप्तीखालच्या दाव्यांपुरता निरर्थक. म्हणजे धनकोचे पैसे फिटले, तर खरेदीखत तगतं.

जप्ती जाहीर करायची पद्धत तर गावच्या चावडीला शोभेल अशी. आदेश 21, नियम 54 सांगतो की जागेवर किंवा जवळपास ढोल वाजवून किंवा रूढीप्रमाणे दवंडी द्यावी, हुकुमाची प्रत जागेवर ठळक दिसेल अशी डकवावी, एक कोर्टात लावावी. मूळ नियमात सब-रजिस्ट्रारचं नावच नाही! त्यामुळे वकिलाने सब-रजिस्ट्रारकडचा इंडेक्स टू चाळून स्वच्छ सर्च रिपोर्ट दिला, तरी जप्ती त्यात दिसेलच असं नाही. दाव्याची गोष्ट वेगळी. 1939 च्या दुरुस्तीने मुंबईत जमिनीवरच्या प्रलंबित दाव्याची नोटीस नोंदवणं आवश्यक केलं.

खरा पेच मधल्या काळाचा. साठेखत मार्चमध्ये, जप्ती जूनमध्ये, खरेदीखत ऑगस्टमध्ये. नुसत्या साठेखताने जमिनीत हक्क निर्माण होत नाही, असं मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम 54 म्हणतं. पण कलम 40 नुसार त्या कराराची जबाबदारी जमिनीला चिकटते. 1990 मध्ये केरळच्या एका प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने याच धाग्यावर मार्चच्या माणसाची बाजू घेतली: जप्ती करणाऱ्याला विकणाऱ्यापेक्षा जास्त हक्क मिळत नाही. 1 जुलै 2002 पासून कलम 64 मध्येच तशी तरतूद आली, पण एका अटीवर: करार जप्तीआधी नोंदवलेला हवा. स्टॅम्प ड्युटी वाचवायला साठेखत कपाटात ठेवणाऱ्यांची इथे पंचाईत होते.

जप्तीवर हरकत घ्यायची ती आदेश 21 च्याच नियम 58 खाली, आणि लवकर. लिलाव उरकला की हरकत ऐकली जात नाही. 1976 च्या दुरुस्तीआधी हरकत फेटाळली तर वेगळा दावा लावावा लागे, आता तिथल्या निकालालाच हुकूमनाम्याचं बळ असतं. खरेदीखत झालंच नाही, तरी दिलेल्या रकमेसाठी मालमत्ता हस्तांतरण कायद्याचं कलम 55 खरेदीदाराला मालमत्तेवर बोजा देतं, चूक त्याची नसेल तर.

कॉटन ग्रीनमध्ये आणखी एक गाठ. तिथली बरीच जमीन पोर्टाची आणि गोदामवाले भाडेपट्टेदार, त्यामुळे जप्तीत सापडतो तो उरलेल्या पट्ट्याचा हक्क. घेणाऱ्याला कोर्टाइतकीच पोर्टाचीही पायरी चढावी लागते.