सावळघाटापलीकडे जाणारी नोटीस

गुजरातच्या सीमेला भिडलेला नाशिक जिल्ह्यातील पेठ तालुका पूर्वी एक लहान संस्थान होता. १८७८ मध्ये तेथील बेगमेच्या निधनानंतर ते खालसा झाले, म्हणजे ब्रिटिश मुलखात सामील करण्यात आले. नाशिकहून सावळघाटमार्गे पेठ आणि पुढे कपराड्याकडे उतरणाऱ्या रस्त्यावर आज एमएच-१५ आणि जीजे-१५ अशा दोन्ही पाट्यांची वाहने धावतात, आणि वाहन पुढे निघून गेल्यावर चालकाला गुन्ह्याची वर्दी कशी व किती दिवसांत द्यावी, हा प्रश्न अशा सीमेवरच्या रस्त्यावर विशेष टोकदार होतो.

याचे उत्तर मोटार वाहन कायद्याने बरेच आधी दिले होते. ब्रिटनच्या १९३० च्या कायद्यातील तत्त्व १९३९ च्या भारतीय कायद्यात आले आणि १९८८ च्या कायद्यातील कलम २०९ मध्ये ते टिकले: अतिवेगाच्या किंवा धोकादायक वाहन चालवण्याच्या आरोपात चालकाला जागेवरच ताकीद दिलेली असावी, नाहीतर चौदा दिवसांत गुन्ह्याचे स्वरूप, वेळ व ठिकाण सांगणारी नोटीस त्याच्यावर किंवा मालकावर बजावलेली वा नोंदणीकृत टपालाने रवाना झालेली असावी, अथवा अठ्ठावीस दिवसांत समन्स, म्हणजे न्यायालयाचे हजर राहण्याचे फर्मान, त्याच्या हाती पडलेले असावे, यांपैकी काहीच घडले नसेल, तर एरवी दोषी ठरवता येत नाही. अपवाद आहेत, उदाहरणार्थ, प्रयत्न करूनही नाव-पत्ता वेळेत मिळाला नाही तर. तरीही ही मुदत म्हणजे केवळ कारकुनी सोय नव्हे, कारण महिन्यानंतर घाटातल्या एका वळणावर आपण काय केले हे कोणालाच नेमके आठवत नाही, आणि आठवण शाबूत असतानाच बचावाची संधी मिळणे हा न्यायाचा गाभा आहे.

समन्सला उत्तर देण्याची वाट कलम २०८ मध्ये आहे: किरकोळ गुन्ह्यांत आरोपीने स्वतः किंवा वकिलामार्फत हजर व्हावे, अथवा सुनावणीआधी गुन्हा कबूल करून दंडाची रक्कम मनीऑर्डरने न्यायालयाकडे पाठवावी. खेड्यातल्या माणसाची एक दिवसाची मजुरी त्यामुळे वाचत असे, आणि दूरच्या तालुक्यांसाठी ही सवलत मोलाची होती. मात्र जीप एकाच्या नावावर आणि चालक दुसराच असेल, तर पोलिसांनी विचारल्यावर चालकाचे नाव-पत्ता सांगण्याची जबाबदारी कलम १३३ मालकावर टाकते.

वेळेत कळवण्याचे हेच तत्त्व कॅमेऱ्यांनाही लागू झाले: २०२१ च्या नियम १६७-अ नुसार कॅमेऱ्याने टिपलेल्या उल्लंघनाची नोटीस पंधरा दिवसांत, छायाचित्रासह, पाठवायची असते.