ऑसियनचें प्रकरण व लिस्मोरच्या डीनचें बाड

स्कॉटलंडांत अठराव्या शतकाच्या उत्तरार्धांत ऑसियन या कवीच्या नांवाभोंवतीं जो वाद माजला, त्याची हकीकत बहुधा एका धाडसी कूटरचनेची गंमतीची गोष्ट म्हणून सांगण्यांत येते. हस्तलिखितें धुंडाळणारांच्या दृष्टीनें पाहिल्यास त्या गोष्टींतील मर्म निराळें आहे. जुनें गेलिक हस्तलिखित असेल तर दाखवा, असा आग्रह एका पक्षानें धरला होता. दुसऱ्या पक्षाच्या हातीं तें खरोखरच आलेलें होतें. तरीहि त्यानें तें पुढें केलें नाहीं. असें कां झालें, याचा विचार प्रस्तुत लेखांत करावयाचा आहे.

प्रथम काळाची थोडी माहिती देणें अवश्य आहे. १७०७ सालीं स्कॉटलंडची स्वतंत्र पार्लमेंट नाहींशी होऊन ती इंग्लंडच्या पार्लमेंटशीं एकरूप झाली. १७४५ सालीं उत्तरेकडील डोंगरी मुलखांतील, म्हणजे हायलंडांतील, कित्येक कुळें स्टुअर्ट घराण्याचा पक्ष घेऊन उठलीं, आणि १६ एप्रिल १७४६ रोजीं कलोडनच्या माळावर त्यांचा पुरा मोड झाला. त्यानंतर शस्त्रें बाळगण्याची व कुळाचा पोषाख वापरण्याची कायद्यानें मनाई करण्यांत आली. पैकीं पोषाखाची मनाई १७८२ पर्यंत टिकली. या मुलखाची भाषा गेलिक. इकडे एडिंबरोचे विद्वान् शुद्ध इंग्रजी लिहिण्याच्या खटपटींत गढलेले; त्यांच्यापैकीं बहुतेकांस गेलिकचें अक्षर कळत नव्हतें. मात्र आपल्या राष्ट्रासहि होमरच्या तोडीचा एखादा प्राचीन कवि असावा, ही इच्छा त्यांच्या मनांत प्रबळ होती. राज्य गेलें, निदान काव्य तरी सांपडावें, असा तो भाव होता. गिऱ्हाईक असें दारीं उभें असलें म्हणजे माल पुरविणारा भेटतोच.

जेम्स मॅक्फर्सन हा १७३६ सालीं हायलंडांत रूथवेन गांवाजवळ जन्मला. कलोडनच्या लढाईच्या वेळीं तो नऊ-दहा वर्षांचा होता. पुढें कांहीं काळ त्यानें त्याच रूथवेन येथें शाळामास्तरकी केली; म्हणजे तो आमच्याच पेशाचा. १७५९ सालीं नाटककार जॉन होम याच्याशीं त्याची गांठ पडली. होमनें गेलिक काव्याचा मासला मागितला, आणि मॅक्फर्सननें कांहीं तुकड्यांचें इंग्रजी गद्य करून दिलें. १७६० सालीं हे तुकडे ह्यू ब्लेअर याच्या प्रस्तावनेसह छापले गेले. त्या प्रस्तावनेंतच एक संपूर्ण महाकाव्य हायलंडांत अजून सांपडण्यासारखें आहे, अशी आशा दाखविली होती. लगेच वर्गणी जमली, मॅक्फर्सन डोंगरांत व बेटांत हिंडून आला, आणि १७६२ चा छाप असलेलें ‘फिंगाल’ व १७६३ त ‘टेमोरा’ हीं काव्यें बाहेर पडलीं. फिंगाल राजाचा अंध पुत्र ऑसियन यानें तीं ख्रिस्ती शकाच्या तिसऱ्या शतकांत रचलीं, असें भाषांतरकारानें सांगितलें. युरोपांत त्यांचा केवढा गाजावाजा झाला हें सर्वश्रुत आहे. गटेनें आपल्या १७७४ च्या कादंबरींत त्यांतील उतारे घातले, व नेपोलियन तीं इटालियन भाषांतरांत आवडीनें वाचीत असे, एवढें सांगणें पुरे.

अंतर्गत प्रमाणें पाहूं लागल्यास या काव्यांची प्राचीनता टिकत नाहीं. रोमन बादशहा सेव्हीरस यानें उत्तर ब्रिटनवर स्वारी केली ती २०८ ते २११ या वर्षांत. त्या स्वारींत त्याच्याबरोबर असलेल्या पुत्राचा उल्लेख एका काव्यांत ‘कॅराकल’ या नांवानें आलेला आहे. गिबननें १७७६ सालीं दाखविल्याप्रमाणें ‘कॅराकॅला’ हें त्या राजपुत्राचें नुसतें टोपणनांव असून तें त्या युद्धानंतर कांहीं वर्षांनीं पडलेलें आहे. युद्धकाळीं त्यास अँटोनायनस म्हणत. समकालीन कवीच्या तोंडीं उत्तरकालीन टोपणनांव यावें, हा दोष लहान नव्हे. शिवाय गेलिक परंपरेंत कुहुलिन हा वीर एका कथाचक्रांतला व फिंगाल, म्हणजे फिन, दुसऱ्या कथाचक्रांतला. परंपरेप्रमाणें दोघांच्या काळांत शतकांचें अंतर. मॅक्फर्सननें त्यांस एकाच रणांगणावर आणलें. या कथा आयर्लंडच्याहि असतां त्यानें आयर्लंडला मागें सारून मूळ मान स्कॉटलंडला दिला, म्हणून आयरिश पंडित चार्ल्स ओकॉनर यानें १७६६ सालीं त्यावर तीव्र आक्षेप घेतला. हे सर्व आक्षेप व्युत्पत्तीचे व परंपरेचे होते, आणि उत्तरें द्यावयाचीं तर तीं याच भूमीवर द्यावयास हवीं होतीं.

परंतु वादाला निराळें वळण डॉ. जॉनसन यांनीं दिलें. १७७३ सालीं बॉस्वेलसह त्यांनीं हायलंड व पश्चिमेकडील बेटें यांचा प्रवास केला, आणि १७७५ सालीं प्रसिद्ध झालेल्या प्रवासवृत्तांत असें ठासून लिहिलें कीं, ही भाषा कधीं लेखनिविष्टच झाली नाहीं व तिचें शंभर वर्षांइतकें जुनें एकहि हस्तलिखित जगांत नाहीं. ऑसियन बनावट आहे म्हणणें निराळें आणि एका भाषेला लेखनाची परंपराच नाहीं म्हणणें निराळें. पहिलें विधान बहुतांशीं खरें ठरलें. दुसरें साफ खोटें. जॉनसन यांस गेलिक येत नव्हती, एवढेंहि सांगून ठेवणें न्यायाचें होईल.

मॅक्फर्सननें जॉनसन यांस धमकीचें पत्र पाठविलें, तें व त्याचें उत्तर प्रसिद्ध आहे. पुस्तकविक्या बेकेट यानें वर्तमानपत्रांत जाहीर केलें कीं, १७६२ सालीं ‘फिंगाल’ची मूळ हस्तलिखितें आपल्या दुकानांत लोकांच्या पाहण्याकरितां ठेविलीं होतीं. लंडनमध्यें गेलिक वाचणारा कोण मिळणार? पाहणें व वाचणें यांतील हें अंतर आपल्याकडील संग्राहकांस सांगावयास नको.

आतां मुख्य वस्तूकडे वळूं. मॅक्फर्सनच्या हातीं जीं बाडें आलीं त्यांत लिस्मोरच्या डीनचें म्हणून ओळखलें जाणारें बाड होतें. पर्थशायर परगण्यांतील फॉर्टिंगल येथील धर्मोपदेशक जेम्स मॅक्ग्रेगर, ज्यास लिस्मोरच्या डीनचें पद होतें, व त्याचा भाऊ डंकन यांनीं तें १५१२ ते १५४२ च्या दरम्यान लिहून जमविलें. म्हणजे जॉनसन यांचें पुस्तक छापलें त्या वेळीं तें सव्वादोनशें वर्षांहून अधिक जुनें होतें. बाड कागदी असून तीनशेंवर पृष्ठांचें आहे. पुष्कळ झिजलेलें आहे. त्याची लिपि गेलिक वळणाची नाहीं. दक्षिणेकडील कारकुनी वळणाची आहे, आणि शब्दहि गेलिक लेखनपद्धतीप्रमाणें न लिहितां स्कॉच लेखक कानानें ऐकून लिहील तसे लिहिलेले आहेत. त्यामुळें गेलिक जाणणाऱ्यासहि तें वाचतांना पदोपदीं अडखळावें लागतें. आंत काय आहे? स्कॉटलंड व आयर्लंड दोन्हीकडील दरबारी कवींचीं स्तुतिकाव्यें, शृंगार, उपहास. एका विधवेनें पतीच्या मृत्यूवर रचलेलें विलापकाव्य. आणि फिन, ऑसियन व त्यांच्या सोबत्यांचे पोवाडे. कित्येक पोवाडे खुद्द ऑसियनच्या नांवावर घातलेले आहेत.

मग मॅक्फर्सननें तें जॉनसनपुढें कां टाकलें नाहीं? आमच्या मतें उत्तर सरळ आहे. त्यानें जॉनसन खोटे ठरले असते, पण त्याबरोबर मॅक्फर्सनहि उघडा पडला असता. कारण त्या बाडांत छोटे छोटे पोवाडे आहेत, तिसऱ्या शतकांतील महाकाव्य नाहीं. खरें हस्तलिखित त्याच्या खोट्या प्रतिज्ञेच्या आड येत होतें, म्हणून तें झांकून राहिलें.

दुसऱ्या एका संग्रहाची गति याहून शोचनीय झाली. साउथ उइस्ट बेटांतील मॅक्व्हुरिच घराणें हें क्लॅनरॅनल्ड कुळाचें वंशपरंपरागत कविघराणें. त्याचा मूळ पुरुष तेराव्या शतकांतील. त्यांतील लॅकलन मॅक्व्हुरिच याची जबानी १८०० सालीं घेण्यांत आली. आपण मूळ पुरुषापासून अठरावे असें तो सांगतो. त्याला लिहितां-वाचतां येत नव्हतें, कारण जमिनी गेल्यावर बापाला मुलास शिकविण्याची ऐपत उरली नव्हती. घरांतील ‘तांबडें पुस्तक’ क्लॅनरॅनल्डच्या आज्ञेवरून मॅक्फर्सनला देण्यांत आलें. कातड्यावर लिहिलेलीं बाडें पुष्कळ होतीं. त्यांपैकीं दोन-तीन शिंप्यांनीं मापाच्या पट्ट्यांकरितां कापतांना त्यानें स्वतः पाहिलीं. तांबडें पुस्तक वांचलें व आज एडिंबरोच्या राष्ट्रीय संग्रहालयांत आहे. तें जो प्रवासी घेऊन गेला त्याचे एवढे उपकार मानलेच पाहिजेत. शिंप्यांनीं कापलेल्या पट्ट्यांवर काय होतें, हें सांगणारा अठरा पिढ्यांनंतर कोणी राहिला नव्हता.

या प्रकरणाचा हिंदुस्थानाशीं संबंध येतो तो पैशाचा. मॅक्फर्सन हा अर्काटचा नबाब महंमद अली याचा लंडनमधील वकील होता. त्याचा भाऊबंद सर जॉन मॅक्फर्सन हा १७८५-८६ सालीं हंगामी गव्हर्नर जनरल होता. महादजी शिंदे यांनीं बादशहाच्या नांवें बंगालच्या खंडणीची मागणी केली ती धुडकावणारा तोच. मूळ गेलिक काव्य छापून निघावें म्हणून हिंदुस्थानांतील हायलंडर मंडळींनीं १७८४ च्या सुमारास हजार पौंडांच्या आसपास वर्गणी पाठविली. मॅक्फर्सन १७९६ सालीं वारला तोंवर एक पानहि छापलें गेलें नाहीं. अखेर १८०७ सालीं लॅटिन भाषांतरासह जो गेलिक पाठ बाहेर आला, तो इंग्रजीवरूनच उलट गेलिकमध्यें रचलेला, असा तज्ज्ञांचा निर्णय आहे.

हेन्री मॅकेंझी याच्या अध्यक्षतेखालील समितीनें १८०५ सालीं अहवाल दिला. ऑसियनविषयक काव्य हायलंडांत लोकांच्या तोंडीं विपुल होतें. मात्र मॅक्फर्सनच्या काव्याशीं नांवानें व आशयानें जुळणारें एकहि काव्य मिळालें नाहीं. मधल्या जागा त्यानें स्वतःच्या रचनेनें भरल्या असाव्या, असा त्याचा मथितार्थ. प्रक्षेप किती व मूळ किती याचा खुलासा १९५२ सालीं डेरिक टॉमसन यांनीं केला. डझनाहून अधिक अस्सल पोवाड्यांचा आधार त्यांनीं दाखवून दिला आहे.

डीनचें बाड मॅक्फर्सननंतर लंडनच्या हायलंड सोसायटीकडे व तेथून १८०३ सालीं एडिंबरोस आलें. त्यांतील निवडक भाग टॉमस मॅक्लॉकलन यांनीं डब्ल्यू. एफ. स्कीन यांच्या प्रस्तावनेसह १८६२ सालीं प्रथम छापला. म्हणजे ‘फिंगाल’ छापल्यावर शंभर वर्षांनीं. पुढें वॉटसन यांनीं १९३७ त इतर काव्यें व नील रॉस यांनीं १९३९ त वीरकाव्यें अधिक शुद्ध पाठांनीं प्रसिद्ध केलीं. मूळ बाड अ‍ॅडव्होकेट्स लायब्ररीच्या संग्रहांतून १९२५ सालीं स्थापन झालेल्या स्कॉटलंडच्या राष्ट्रीय ग्रंथालयांत गेलें असून तेथें ७२.१.३७ या क्रमांकाखालीं ठेविलेलें आहे.