तरस, बकलंड आणि आमची टेकडी

परवा नातू टीव्हीवर आफ्रिकेतलं जंगल बघत होता. "आबा, हे हसणारं तरस बघा, कसलं लबाड!" मी म्हटलं, अरे, ते ठिपक्यांचं. आपलं पट्ट्यांचं तरस हसत नाही, फारसा आवाजच करत नाही. मारुंजीत कधी तरस होतं हेच त्याला पटेना. त्याच्या लेखी मारुंजी म्हणजे हिंजवडीशेजारच्या इमारती!

आमच्या लहानपणी टेकडीपलीकडे मेलेली ढोरं टाकायची जागा होती. दिवसा गिधाडं, रात्री तरस. सकाळी हाडंसुद्धा गायब. तरस पोरं पळवतं, पुरलेली मढी उकरतं, असं आजी सांगायची. एकदा मोठ्या पोरांनी ओढ्याकाठच्या कपारीत एक तरस कोंडून दगडांनी मारलं. मीही दोन दगड मारले. नऊ-दहा वर्षांचा असेन. ते पाठीवरची आयाळ उभी करून मोठं दिसायचा प्रयत्न करत होतं. अंगावर मात्र कुणाच्या आलं नाही.

निवृत्तीनंतर वाचायला वेळ मिळाला तेव्हा या प्राण्याच्या मागे लागलो. संस्कृतातला 'तरक्षु' म्हणजेच आपलं तरस, अमरकोशात आहे. दिसायला कुत्र्यासारखं, पण कूळ मांजर-मुंगसाच्या बाजूचं. एकच तरस नरही असतं आणि मादीही, असा जुना समज होता. तो चूक आहे हे अ‍ॅरिस्टॉटलने सव्वादोन हजार वर्षांपूर्वी लिहून ठेवलं, तरी लोक पुढे शेकडो वर्षं तेच सांगत राहिले.

मला सगळ्यात आवडली ती विल्यम बकलंडची हकिगत. १८२१ साली इंग्लंडमध्ये यॉर्कशायरच्या कर्कडेल गुहेत हाडांचा ढीग सापडला. हत्ती, गेंडे, पाणघोडे, सगळ्यांची हाडं! गुरांची समजून काही तर रस्त्यावर टाकली होती. बकलंड ऑक्सफर्डचा प्राध्यापक आणि धर्मोपदेशकही. हाडं नोहाच्या प्रलयात वाहत आली असं म्हणणं त्याला सोयीचं होतं. पण फिरत्या प्राणिसंग्रहातल्या जिवंत तरसाला त्याने बैलाचं हाड घातलं. उरलेले तुकडे आणि दातांच्या खुणा गुहेतल्या हाडांशी जुळल्या. हाडांतल्या चुन्याने पांढरी झालेली विष्ठासुद्धा जुळली. ती तरसांची गुहा होती! १८२२ मध्ये त्याला रॉयल सोसायटीचं कोप्ली पदक मिळालं. विष्ठा तपासून पदक मिळवणारे थोडेच.

पुढे हान्स क्रूक यांनी आफ्रिकेत रात्री जागून ठिपक्यांच्या तरसांवर पाळत ठेवली. त्यांचं पुस्तक १९७२ चं. तरसं बरीचशी शिकार स्वतः करतात आणि अनेकदा सिंहच ती हिसकावतो! सकाळी बघणाऱ्याला सिंह जेवताना दिसतो नि तरसं बाजूला ताटकळत. मग उष्टं खाणारा कोण ठरणार? त्यांच्या कळपात माद्यांचं राज्य असतं आणि पिल्लाचा मान आईच्या मानावरून ठरतो. मोठ्या आईचं पिल्लू आधी जेवतं. इथे मात्र मला आपली माणसंच आठवली. असो.

आपल्याकडे इंग्रज सरकार हिंस्र प्राणी मारल्याचे वार्षिक तक्ते छापत असे. त्यात वाघ-लांडग्यांबरोबर तरसाचाही रकाना होता. आज १९७२ च्या वन्यजीव कायद्याचं संरक्षण आहे, पण माळ कुठे आहे? सरकारी दप्तरात गवताळ माळ म्हणजे 'पडीक'. पडीक म्हटलं की प्लॉट पाडायला मोकळे. १९९० नंतर डायक्लोफिनॅकने गिधाडं गेली (जनावरांसाठी ते औषध २००६ मध्ये बंद झालं), आणि मेलेल्या ढोरांना वाली उरले ते भटकी कुत्री आणि जिथे टिकलंय तिथे तरस. सासवड, बारामती, इंदापूरकडच्या माळांवर ते अजून आहे.

उन्हाळ्याच्या सुट्टीत नातवाला सुप्याच्या मयूरेश्वर अभयारण्यात न्यायचं ठरवलंय. तरस रात्रीचं जनावर, दिसेलच असं नाही. पांढरी विष्ठा सापडली तर बकलंडची गोष्ट तिथेच सांगेन. दगडांची गोष्टही सांगायची आहे. ती आधी सांगावी की नंतर, हे अजून ठरत नाही.