गाविलगडाचे दोन किल्ले आणि विंडोजचे दोन किल्ले

चिखलदऱ्याला गेलात की देवी पॉइंट, भीमकुंड, पंचबोल, कॉफी, धुकं आणि वेळ उरला तर गाविलगड, असा आपला ठरलेला क्रम असतो. गडावर बहुतेक जण दरवाज्यात फोटो काढतात आणि पाय दुखायला लागले की परत फिरतात. त्यामुळे एक गोष्ट लक्षातच येत नाही. गाविलगड हा एक किल्ला नाही. ते दोन किल्ले आहेत, एकाला एक लागून. दक्षिणेला, जिथे कडा सरळ खाली वऱ्हाडाच्या मैदानाकडे उतरतो, तिथे आतला किल्ला. उत्तरेला, जिथून चालत येता येतं, तिथे त्याला पांघरूण घातल्यासारखा बाहेरचा. बांधणाऱ्याचा हिशेब साधा होता : शत्रू आला तर बाहेरच्यात अडकावा, आतलं सुरक्षित राहावं.

तुमच्या घरातल्या किंवा कॉलेजच्या लॅबमधल्या विंडोज कंप्युटरची रचनाही अशीच आहे. आणि तिथे कोणाला आत राहू द्यायचं, कोणाला बाहेर, यावरून गेली तीस-पस्तीस वर्षं जे चाललंय ते एखाद्या तहाच्या वाटाघाटींसारखं आहे.

इंटेलच्या 80386 चिपमध्ये, म्हणजे 1985 पासून, हक्कांच्या चार पायऱ्या होत्या. विंडोजने त्यातल्या दोनच वापरल्या. सर्वांत आतली ती कर्नल मोड, सर्वांत बाहेरची ती यूजर मोड. गेम, ब्राउझर, वर्ड हे सगळं बाहेर. मेमरी आणि डिस्कचा कारभार आत. बाहेरचा प्रोग्रॅम कोसळला तर त्याची खिडकी बंद होते. आतला कोसळला तर सगळा कंप्युटर बंद पडतो, कारण आतल्याच्या हाताला लागणार नाही असं तिथे काही नसतंच.

आता प्रश्न ड्रायव्हरचा. ड्रायव्हर म्हणजे दुभाष्या. मेळघाटात कोरकू बोलणारी आजी आणि मराठी बोलणारा डॉक्टर यांच्यामध्ये जो उभा असतो, तसा. प्रिंटरची भाषा विंडोजला येत नाही, विंडोजची प्रिंटरला येत नाही. हा दुभाष्या विंडोजवाल्यांनी लिहिलेला नसतो. तो प्रिंटरच्या कंपनीने लिहिलेला असतो, कधी घाईत, कधी चुका ठेवून. मग त्याला बसवायचं कुठे?

डेव्ह कटलर आणि त्याच्या टीमने 1993 मध्ये विंडोज एनटी 3.1 बाहेर काढली, तेव्हा त्यांनी बरंच काही बाहेरच्या किल्ल्यात ठेवलं होतं. स्क्रीनवर खिडक्या आणि अक्षरं काढणारी यंत्रणासुद्धा यूजर मोडमध्ये होती. डिझाइन देखणं, पण हळू. प्रत्येक रेघेसाठी निरोप्याने इकडून तिकडे धावायचं. त्या काळच्या चिपला ते जड जायचं. म्हणून 1996 च्या एनटी 4.0 मध्ये ही सगळी यंत्रणा उचलून आतल्या किल्ल्यात नेली गेली. तिच्याबरोबर प्रिंटरचे आणि डिस्प्लेचे ड्रायव्हर गेले, आणि फॉन्ट वाचणारा कोडही गेला.

मराठीचा संबंध नेमका इथे येतो. तोवर आपण देवनागरी जुगाडाने लिहीत होतो. इंग्रजी अक्षरांच्या जागी काना, मात्रा आणि अर्धे वर्ण बसवलेले फॉन्ट असायचे. दुसऱ्याच्या कंप्युटरवर तो फॉन्ट नसला की लग्नपत्रिकेचा मजकूर इंग्रजी अक्षरांची खिचडी होऊन उघडायचा. डीटीपीवाल्याकडे शेकडो फॉन्ट असत, कुठून कुठून सीडीवर आणलेले, आणि ते टाकताना कोणी दोनदा विचार करत नसे. 2000 साली विंडोज 2000 आलं आणि देवनागरीला पहिल्यांदा खुद्द सिस्टममध्ये जागा मिळाली. सोबत मंगल हा फॉन्ट आला, तो केला र. कृ. जोशी यांनी. कवी, जाहिरात क्षेत्रातले आणि अक्षरांचे जाणकार. आज सरकारी पत्र पाहून ‘हा काय कंटाळवाणा फॉन्ट’ म्हणणाऱ्यांनी (मीही म्हणालोय) हे नाव लक्षात ठेवावं.

गंमत अशी की जोडाक्षरं कशी जुळवायची, ऱ्हस्व वेलांटी आधी कशी काढायची, हे ठरवणारी युनिस्क्राइब नावाची लायब्ररी फाइल बाहेरच्या किल्ल्यात होती. आणि त्या अक्षराची वळणं प्रत्यक्ष गिरवणारा कोड आतल्यात. म्हणजे ‘क्ष’ जुळायचा बाहेर, रंगायचा आत.

अक्षराच्या वळणाने आतला किल्ला पडू शकतो का? पडला. 2011 मध्ये बुडापेस्टच्या एका प्रयोगशाळेने ड्यूकू नावाचा हेरगिरीचा व्हायरस उघडकीला आणला. तो वर्डच्या फाइलमधून यायचा आणि त्या फाइलीत एक फॉन्ट दडवलेला असायचा. करणाऱ्याने विनोदाने त्याचं नाव ‘डेक्स्टर रेग्युलर’ ठेवलं होतं, टीव्हीवरच्या मालिकेतल्या खुन्यावरून. विंडोज तो फॉन्ट वाचायला घ्यायचं, वाचणारा कोड चुकायचा, आणि तो कोड कर्नलमध्ये असल्यामुळे चोर थेट आतल्या वाड्यात उतरायचा. त्याच्या आदल्या वर्षी स्टक्सनेटने कीबोर्डच्या मांडणीच्या फाइलीतून असाच मार्ग काढला होता. आपल्या मराठी कीबोर्डची फाइल त्याच जातीची आहे. तिचा दोष काही नाही, नुसता तक्ता आहे तो. पण असा तक्ता वाचणारा आत बसलेला होता.

थोडं 1803 कडे जाऊ. 29 नोव्हेंबरला अडगावची लढाई झाली, आणि नागपूरकर भोसल्यांच्या ताब्यातल्या गाविलगडाकडे आर्थर वेलस्ली वळला. हाच पुढे वॉटर्लू जिंकणारा ड्यूक ऑफ वेलिंग्टन. कर्नल स्टीव्हन्सनच्या सैन्याने जड तोफा डोंगरांतून ओढत उत्तरेला नेल्या आणि बाहेरच्या तटाला खिंडार पाडलं. 15 डिसेंबरला हल्ला झाला. बाहेरचा किल्ला गेला, पण आतल्या तटाला खिंडार नव्हतं. तेव्हा कॅप्टन कॅम्पबेलची तुकडी शिड्या लावून तटावर चढली, आत उतरली आणि तिने दरवाजा आतून उघडला. त्यानंतर लढाई उरली नाही, कत्तल उरली. दोन दिवसांनी देवगावचा तह झाला आणि वऱ्हाड निजामाकडे गेला.

मायक्रोसॉफ्टला कळायला शत्रूची गरज नव्हती, मित्रच पुरेसे होते. 2003 च्या एका शोधनिबंधात वॉशिंग्टन विद्यापीठाच्या संशोधकांनी आकडा दिला : विंडोज एक्सपी कोसळण्याच्या नोंदींपैकी 85 टक्के ड्रायव्हरमुळे. मग सामान बाहेर काढणं सुरू झालं. प्रिंटरच्या ड्रायव्हरला विंडोज 2000 ने बाहेर राहायची सोय दिली होतीच, व्हिस्टाने आत यायची बंदीच केली. डिस्प्लेच्या ड्रायव्हरचे दोन तुकडे झाले, मोठा बाहेर आणि छोटा आत. आणि पूर्ण ड्रायव्हरच बाहेर ठेवण्यासाठी एक नवा साचा आला, यूजर मोड ड्रायव्हर फ्रेमवर्क.

तो तुम्ही नकळत वापरता. चिखलदऱ्याहून आल्यावर फोन केबलने विंडोज कंप्युटरला लावता आणि फोटो दिसायला लागतात, तेव्हा फोनशी बोलणारा ड्रायव्हर ही एक साधी डीएलएल फाइल असते. सिस्टम32 मधल्या ड्रायव्हर्स फोल्डरमध्ये यूएमडीएफ नावाचं उपफोल्डर आहे, तिथे ती राहते. एक यजमान प्रोग्रॅम तिला आपल्या घरात ठेवून चालवतो. आतल्या किल्ल्याच्या दारावर एक छोटा चौकीदार ड्रायव्हर उभा असतो, तो फक्त निरोप आत-बाहेर करतो. फोनने काही वेडंवाकडं पाठवलं आणि डीएलएल कोसळली, तर यजमान मरतो, चौकीदार नवा यजमान उभा करतो. तुम्हाला फक्त फोल्डर रिकामं झाल्यासारखं दिसतं आणि तुम्ही केबलला शिव्या देता. काऊन बाप्पा, केबलचा काय दोष?

फॉन्टला मात्र बाहेर यायला फार उशीर झाला. 1996 ला आत गेलेला तो कोड विंडोज 10 च्या काळात बाहेर आला, तोही हातपाय बांधलेल्या कोठडीत. टास्क मॅनेजर उघडून शोधलंत तर ‘यूजरमोड फॉन्ट ड्रायव्हर होस्ट’ नावाची एक ओळ दिसेल. अनेकांना तो व्हायरस वाटतो. तो उलट आहे, व्हायरसला अडवायला केलेली सोय.

तुमच्या अँड्रॉइडमध्येही हेच झालं. 2015 ला स्टेजफ्राइटचा गोंधळ झाला, ज्यात व्हिडिओ वाचणाऱ्या लायब्ररीच्या चुकीमुळे नुसत्या एमएमएसने फोन ताब्यात जाऊ शकत होता. पुढच्याच वर्षी अँड्रॉइड 7 मध्ये त्या मोठ्या सेवेचे तुकडे करून प्रत्येकाला वेगळ्या खोलीत कोंडलं गेलं.

सगळेच बाहेर गेले असं नाही. सुरक्षेचं सॉफ्टवेअर विकणाऱ्या कंपन्यांचं म्हणणं होतं, पहारा द्यायचा तर आतूनच देता येतो. 19 जुलै 2024 ला क्राउडस्ट्राइकच्या आत बसलेल्या ड्रायव्हरने एक नवी माहितीची फाइल वाचली. त्याने 21 वी नोंद शोधली, दिलेल्या होत्या 20. मायक्रोसॉफ्टच्या अंदाजाने 85 लाख कंप्युटर बंद पडले, आणि आपल्याकडे विमानतळांवर पेनने लिहिलेले बोर्डिंग पास लोकांनी कौतुकाने फोटो काढून टाकले. दरवाजा याही वेळी आतूनच उघडला होता, फक्त उघडणारा आपलाच पहारेकरी होता. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये मायक्रोसॉफ्टने जाहीर केलं, की पहारेकऱ्यांनाही बाहेरून काम करता यावं अशी सोय करतोय.