फाइल कुठे असते रे?

गेल्या दिवाळीच्या आठवडाभर आधी रात्री साडेअकराला मित्राचा मेसेज आला. "व्हाइस सिटीची सेव्ह फाइल कुठे असते रे?" पाठोपाठ एक फोटो. धुळीनं माखलेला सीपीयू, मागे पाटण तालुक्यातल्या त्यांच्या घराचा पोटमाळा.

मी सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. असे प्रश्न मला रोज येतात आणि बहुतेकांना मी "गूगल कर" एवढंच उत्तर देतो. या वेळी तसं केलं नाही, कारण ती फाइल कोणाची आहे ते मला माहीत होतं. ती काकांची होती.

आम्ही दोघं दिघ्याचे. ठाण्याहून ऐरोलीकडे येताना लागणारं, एका बाजूला डोंगर आणि दुसऱ्या बाजूला ठाणे-बेलापूर रोड असलेलं दिघा. आता 'दिघा गाव' नावाचं स्टेशनही आहे, १२ जानेवारी २०२४ ला सुरू झालेलं. आमच्या लहानपणी ते नव्हतं. रस्ता होता, कंपन्या होत्या आणि एक सायबर कॅफे होता, वीस रुपये तास.

'जीटीए व्हाइस सिटी' २००२ साली प्लेस्टेशन २ वर आणि २००३ साली कॉम्प्युटरवर आली. आमच्यापर्यंत ती २००९ च्या सुमारास पोचली, मार्करनं नाव लिहिलेल्या सीडीवरून. विकत घेतलेली मूळ सीडी मी तेव्हा पाहिलीसुद्धा नव्हती. कॅफेत खेळायची एकच अडचण होती. मशीन रीस्टार्ट झालं की सगळं पुसलं जायचं. व्हायरसला कंटाळून मालकानं तशी सोय करून घेतली होती. तासभर खपून तीन मिशन पार करायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा पहिल्यापासून. गेम नुसता खेळून उपयोग नाही, तो कुठेतरी राहायला हवा, हे मला तिथे कळलं.

खरं तर आमच्या आधीच्या पिढीला हा प्रश्न पडलाच नव्हता. नव्वदच्या दशकात घरोघरी जो टीव्ही गेम होता, त्यात मारिओ आणि काँट्रा खेळणाऱ्यांना सेव्ह हा प्रकारच ठाऊक नव्हता. वीज गेली की राजकन्या पुन्हा पहिल्या किल्ल्यापासून शोधायची. काही गेम लेव्हल संपली की अक्षरांचा पासवर्ड द्यायचे. तो वहीच्या मागच्या पानावर उतरवून ठेवायचा आणि पुढच्या वेळी टाकायचा. म्हणजे सेव्ह फाइल मशीनमध्ये नव्हतीच, ती वहीत होती. एक अक्षर चुकलं की गेलं.

मग कार्ट्रिजमध्येच छोटी बॅटरी बसवायची युक्ती आली. १९८७ साली अमेरिकेत आलेलं 'द लेजंड ऑफ झेल्डा'चं सोनेरी कार्ट्रिज हे त्याचं गाजलेलं उदाहरण. आत मेमरीची एक चिप आणि तिला जागं ठेवणारा घड्याळासारखा बटण-सेल. सेल संपला की सेव्हही संपलं. पहिल्या प्लेस्टेशनबरोबर मेमरी कार्ड आलं. त्याची जागा १२८ केबी, वापरायला १५ ब्लॉक. आज व्हॉट्सॲपवर येणारा गुड मॉर्निंगचा फोटोही त्यात मावेलच असं नाही. पण कार्ड खिशात घालून मित्राच्या घरी नेता यायचं. फाइल कुठे आहे, असं कोणी विचारलं तर खिशावर हात ठेवून दाखवता यायचं.

आमच्या पिढीच्या वाट्याला फोल्डर आले.

२०१० मध्ये मित्राच्या घरी सेकंडहँड कॉम्प्युटर आला, विंडोज एक्सपीवाला. काका रिक्षा चालवायचे. दिवसभर ठाणे, ऐरोली, कळवा करून रात्री साडेनऊला घरी येत. जेवण झाल्यावर आम्ही खेळत असू ते मागे उभे राहून बघायचे. एकदा म्हणाले, "यात टॅक्सी चालवता येते काय रे?" येते. व्हाइस सिटीत टॅक्सीत बसून एक बटण दाबलं की भाडी मिळायला लागतात. प्रवासी घ्यायचा, वेळेत सोडायचा, पैसे घ्यायचे. एकूण शंभर प्रवासी पोचवले की टॅक्सीला उडी मारायची ताकद मिळते.

काका त्या दिवसापासून खेळायला लागले. बंदूक नाही, मारामारी नाही, फक्त टॅक्सी. दिवसभर खरी चालवून झाल्यावर रात्री अर्धा तास खोटी. तिथली वाहतूक रस्त्याच्या उजव्या बाजूनं चालते. काका पहिले कित्येक दिवस डाव्या बाजूनं जाऊन समोरच्या गाड्यांवर आदळले. लाल सिग्नलला थांबायचे. आम्ही ओरडायचो, "काका, इथं कोणी पकडत नाही!" ते म्हणायचे, "सवय मोडली तर उद्या पकडतील." सिग्नलला थांबल्यामुळे वेळ संपायची आणि प्रवासी उतरून जायचा. म्हणून शंभराकडे त्यांची गाडी फार हळू सरकत होती.

व्हाइस सिटीत सेव्हच्या आठ जागा असतात. पहिली मित्राची, दुसरी माझी, तिसरी काकांची. मनात आलं तिथे सेव्ह करता येत नाही. त्यासाठी आपल्या ठिकाणावर परत जावं लागतं, हॉटेलातल्या खोलीत किंवा विकत घेतलेल्या घरात. तिथे एक कॅसेट गोल फिरत असते, तिच्यावर जाऊन उभं राहायचं. घर गाठलं नाही तर दिवसभराची कमाई गेली.

त्या कॅसेटवर उभं राहिलं की साधारण दोनशे केबीची एक फाइल तयार होते. कुठे? सी ड्राइव्ह, त्यात 'डॉक्युमेंट्स अँड सेटिंग्ज', त्यात कॉम्प्युटर वापरणाऱ्याचं नाव, त्यात 'माय डॉक्युमेंट्स', त्यात 'जीटीए व्हाइस सिटी यूजर फाइल्स'. मला ही वाट तेव्हापासून पाठ आहे. फाइल पेनड्राइव्हवर घेऊन मी कॅफेत जायचो, तिथल्या फोल्डरमध्ये टाकायचो, खेळून झाल्यावर परत घेऊन यायचो. मशीन रोज सगळं विसरलं तरी माझं काही बिघडत नव्हतं.

सगळे गेम इतके सरळ नव्हते. जुने गेम जिथे इन्स्टॉल व्हायचे तिथेच, 'प्रोग्राम फाइल्स'मध्ये सेव्ह करायचे. २००७ मध्ये विंडोज व्हिस्टा बाजारात आलं आणि त्यानं सुरक्षेसाठी त्या फोल्डरमध्ये लिहायला आडकाठी केली. जुने गेम बंद पडू नयेत म्हणून विंडोज त्यांच्या फाइली गुपचूप 'व्हर्च्युअल स्टोअर' नावाच्या वेगळ्याच जागी ठेवायला लागलं. गेम म्हणायचा सेव्ह झालंय, फोल्डर उघडला तर आत काही नाही. नव्या गेमसाठी व्हिस्टानं 'सेव्ह्ड गेम्स' असा स्वतंत्र फोल्डरही दिला, पण बनवणाऱ्यांनी तो एकमतानं वापरला नाही. कोणी 'डॉक्युमेंट्स'मधल्या 'माय गेम्स'मध्ये, तर कोणी 'ॲपडेटा'मध्ये. हा 'ॲपडेटा' मुळातच लपवलेला. तो उघडायचा तर 'रन'मध्ये त्याचं नाव टक्क्याच्या दोन चिन्हांमध्ये टाइप करावं लागतं. मॅकवर हाच माल 'लायब्ररी'तल्या 'ॲप्लिकेशन सपोर्ट'मध्ये असतो आणि २०११ पासून ती लायब्ररीही लपवलेली आहे. लिनक्सवर घरच्या फोल्डरात, नावाआधी टिंब असलेल्या फोल्डरमध्ये. ते टिंब म्हणजेच 'दाखवू नको' अशी खूण.

हे इतकं विखुरलं की लोकांनीच नकाशा करायला घेतला. २०१२ साली सुरू झालेल्या 'पीसी गेमिंग विकी'वर हजारो गेमची पानं आहेत आणि त्यांत सेव्हची जागा कुठे याचा तक्ता असतो. तो भरला आहे खेळणाऱ्यांनी, फुकट, एकमेकांसाठी. फोल्डर लपवलेला असला तरी चिकाटीनं शोधता येत होता, हे विशेष. फाइल आपल्याच डब्यात होती.

फोनवर तेही संपलं. नोकियावर जावाचे गेम असायचे तेव्हा गेम डिलीट केला की त्याच्या नोंदीही जायच्या. अँड्रॉइडवर प्रत्येक ॲपला स्वतःची बंद खोली मिळते. फोन रूट केल्याशिवाय तिच्यात डोकावता येत नाही. बाहेर 'अँड्रॉइड' फोल्डरमध्ये 'डेटा' असतो, पण २०२० च्या अँड्रॉइड ११ पासून तोही इतर ॲपना बंद झाला. अनइन्स्टॉल केलं की दोन्ही साफ. अँड्रॉइड ६ पासून फोन प्रत्येक ॲपचा २५ एमबीपर्यंतचा डेटा गूगल ड्राइव्हवर आपोआप ठेवू शकतो, पण गेम बनवणाऱ्यानं ते चालू ठेवलं असेल तरच. आयफोनमध्ये तर गेमची खोली पहिल्यापासून बंदच.

आणि मोठे ऑनलाइन गेम? त्यांची फाइल तुमच्या फोनमध्ये नसतेच. फोनमध्ये असतात नकाशे, आवाज, चित्रं. तुमची लेव्हल, तुमचे कपडे, तुमचं नाव सर्व्हरवर असतं. २ सप्टेंबर २०२० ला पबजी मोबाइलवर बंदी आली तेव्हा आमच्या गल्लीतल्या पोरांना हे पहिल्यांदा समजलं. गेम फोनमध्ये होता, पण त्यांनी मिळवलेलं काहीच फोनमध्ये नव्हतं. २ जुलै २०२१ ला बीजीएमआय आला, जुन्या खात्यातला डेटा ठरावीक मुदतीत नव्यात आणायची सोय मिळाली. २८ जुलै २०२२ ला तोही स्टोअरवरून गायब, २०२३ च्या मे महिन्यात परत. प्रत्येक वेळी पोरं एकच विचारत होती, "माझी आयडी राहील ना?" हे ठरवणारं गल्लीत कोणी नव्हतं.

गंमत अशी की ते सर्व्हर लांब नसावेत. समुद्राखालच्या केबल मुंबईच्या किनाऱ्याला लागतात. ठाणे-बेलापूर पट्ट्यात एमआयडीसीची जमीन आणि वीज आहे. त्यामुळे ऐरोली, रबाळे, महापे इथे एकापाठोपाठ एक डेटा सेंटर उभी राहिली. जिथे आमच्या आधीच्या पिढीनं भोंग्यावर ड्यूटी केली, तिथे आता खिडक्या नसलेल्या इमारती आहेत. ॲमेझॉननं २०१६ मध्ये आणि गूगलनं २०१७ मध्ये आपल्या क्लाउडचा मुंबई विभाग सुरू केला. कोणत्या इमारतीत कोणाचा डेटा, ते पाटीवर लिहिलेलं नसतं. माझं ऑफिस ऐरोलीत आहे. रोज त्या भिंतींवरून जातो आणि आत जाऊ शकत नाही.

दिघेकरांना हे नवीन नाही. इलठाणपाड्याला इंग्रजांच्या काळातलं धरण आहे, वाफेच्या इंजिनांना पाणी लागायचं म्हणून बांधलेलं. इंजिनं गेली, धरण रेल्वेच्या मालकीचंच राहिलं. पाणी डोळ्यांसमोर, हंडा टँकरच्या रांगेत.

आता तिसऱ्या स्लॉटकडे येतो. २०१५ साली उच्च न्यायालयाच्या आदेशानंतर दिघ्यातल्या एमआयडीसी आणि सिडकोच्या जमिनीवरच्या ९९ बेकायदा इमारतींचा प्रश्न पेपरात गाजला. आपली इमारत बेकायदा आहे, हे काकांना बिल्डरनं घर विकताना सांगितलं नव्हतं. त्याच्याकडचे कागद फाइलमध्ये नीट लावलेले होते. काकांनी ती फाइल जपून ठेवली होती, प्लॅस्टिकच्या पिशवीत, कपाटाच्या वरच्या खणात. ती फाइल कुठे आहे, हे त्यांना नेहमी माहीत असायचं. तिचा उपयोग झाला नाही. २०१६ मध्ये त्यांनी घर सोडलं. काका-काकू गावी गेले, मित्र भाड्यानं कळव्याला. सामानाबरोबर सीपीयूही टेम्पोत चढला आणि पोटमाळ्यावर गेला.

मित्रानं दिवाळीला काकांसाठी फोनवर व्हाइस सिटीची नवी आवृत्ती घेतली होती. काकांनी ती उघडली, यादी बघितली आणि म्हणाले, "माझी टॅक्सी कुठाय? ७३ झाले होते." नव्या आवृत्तीत जुनी फाइल चालत नाही. म्हणून रात्री साडेअकराला तो मेसेज.

मी त्याला हार्ड डिस्क काढायला सांगितली. पाचशे रुपयांचं यूएसबी अडॅप्टर घेऊन त्यानं ती लॅपटॉपला जोडली. पहिल्या दोन वेळा डिस्क नुसती टकटकली. तिसऱ्यांदा सी ड्राइव्ह दिसला. मी फोनवर वाट सांगत गेलो. विंडोजनं परवानगी मागितली, त्यानं दिली. मग बराच वेळ तो काही बोलेना.

"आहेत रे. तिन्ही आहेत."

जुना गेम फोल्डरसकट लॅपटॉपवर घेतला, सेव्ह त्याच्या जागी ठेवलं. व्हिडिओ कॉलवर काका चष्मा लावून बसलेले. तिसरा स्लॉट उघडला. हॉटेलची खोली, फिरणारी कॅसेट. स्टॅट्समध्ये पोचवलेले प्रवासी: ७१.

"७३ होते," काका म्हणाले.

मी म्हटलं, "काका, शेवटचे दोन सेव्ह करायचे राहिले असतील. घरी न जाता मशीन बंद केलं असेल."

काका थोडं थांबले. "त्या दिवसांत घाई होती," म्हणाले आणि टॅक्सी शोधायला बाहेर पडले.

त्या तीन फाइली आता माझ्या पेनड्राइव्हवरही आहेत, मित्राच्या लॅपटॉपवरही आणि कुठल्यातरी क्लाउडवरही. तुमच्याकडे असा जुना सीपीयू माळ्यावर असेल तर भंगारात देण्याआधी एकदा उघडून बघा. वाट वर दिली आहे. काका परवा ८८ वर होते. अजून सिग्नलला थांबतात.