आखातात नव्याने आलेल्यांसाठी : इस्लामची तोंडओळख



दर वर्षी मंडळात नवी कुटुंबे येतात आणि पहिल्या काही महिन्यांत त्यांचे प्रश्न जवळजवळ तेच असतात. अजान चालू असताना गाणी बंद करायची का? रमजानमध्ये मुलांनी शाळेत डबा न्यायचा की नाही? शेजारच्या अरब कुटुंबाला दिवाळीचा फराळ दिला तर चालेल का? म्हणून ही माहिती एकत्र करून देत आहोत. यातील चालीरीती मुख्यतः संयुक्त अरब अमिरातीतल्या आहेत. सौदी किंवा ओमानमध्ये थोडाफार फरक आढळेल.

खरे म्हणजे आपण अगदी कोरे येत नाही. हाजी अली, हाजी मलंग आपल्या ओळखीचे असतात. माहीमला मखदूम अली माहिमी यांच्या उरुसात मुंबई पोलिसांचा संदल निघतो, हे वर्तमानपत्रात वाचलेले असते. श्रीगोंद्याचे शेख महंमद तर आपल्या संतपरंपरेतलेच. 'योगसंग्राम' त्यांनी मराठीत लिहिला. त्यामुळे 'इस्लाम आपल्याला ठाऊक आहे' असे वाटते, आणि इथेच पहिली गडबड होते. आपली ओळख दर्ग्याच्या वाटेने झालेली असते. इथे उरूस नाही, संदल नाही, चादर चढवणे नाही, कबरीसुद्धा अगदी साध्या असतात.

याचे कारण श्रद्धेच्या गाभ्यात आहे. ईश्वर एकच, त्याला आकार नाही, भागीदार नाही, आणि माणूस व ईश्वर यांच्यामध्ये कोणी मध्यस्थ नाही, या कल्पनेला 'तौहीद' म्हणतात. मग वलीच्या कबरीपाशी जाऊन मागणे मागावे का? भारतातले असंख्य मुसलमान म्हणतील, आम्ही त्यांच्या आदराने जातो, देणारा अल्लाहच. इथले पुष्कळ जण म्हणतील, तेही नको. हा वाद त्यांच्या घरातला आहे आणि जुना आहे. आपण त्यात पडू नये आणि अरब सहकाऱ्याला 'तुमच्याकडे चांगला दर्गा कुठे आहे?' असे उत्साहाने विचारू नये.

महंमद पैगंबर हे त्यांच्या दृष्टीने देव नव्हेत, अवतार नव्हेत, तर अल्लाहचा संदेश आणणारे शेवटचे प्रेषित. जन्म इसवी सन 570 च्या सुमारास मक्केत, 622 मध्ये मदिनेला स्थलांतर, 632 मध्ये निधन. त्या स्थलांतरापासून हिजरी सन मोजतात. त्यांचे चित्र काढणे बहुतेक मुसलमानांना मान्य नाही. मुलांच्या शाळेच्या प्रकल्पात हे लक्षात ठेवा. इब्राहीम, मूसा, ईसा म्हणजे अब्राहम, मोझेस आणि येशू हेही प्रेषितच मानले जातात. कुराणाच्या 114 सूरा, म्हणजे अध्याय, आहेत. कुराणाची प्रत जमिनीवर ठेवू नये, तिच्यावर दुसरे काही ठेवू नये. पोथीला आपण जसे जपतो तसेच.

धर्माचे आधारस्तंभ पाच : श्रद्धेची ग्वाही (शहादा), नमाज, जकात, रोजा आणि हज. नमाज आणि रोजा हे शब्द फारसीतून आपल्याकडे आले. अरब लोक 'सलात' आणि 'सौम' म्हणतात, रमजानला 'रमदान'. त्यामुळे पहिल्या दिवशी समोरचा काय म्हणतोय ते कळले नाही तर घाबरू नका.

नमाज दिवसातून पाच वेळा : पहाटे फज्र, दुपारी जोहर, मग असर, सूर्यास्ताला मगरिब आणि रात्री इशा. वेळा सूर्यावर ठरतात, म्हणून रोज थोड्या सरकतात. अजानच्या सुरुवातीला येणाऱ्या 'अल्लाहु अकबर'चा अर्थ 'अल्लाह सर्वांहून थोर' असा आहे. तिथला अकबर म्हणजे बादशहा नव्हे! (हसू नका, हा प्रश्न मंडळात विचारला गेला आहे.) पहाटेच्या अजानमध्ये एक वाक्य जास्तीचे असते : झोपेपेक्षा नमाज बरी. अजान चालू असताना गाडीतले, दुकानातले गाणे लहान करणे ही इथली सभ्यता. नमाज पढणाऱ्याच्या समोरून जाऊ नये, मागून जावे. नमाजआधी हात, तोंड, नाक, चेहरा, कोपरापर्यंत हात धुऊन, डोक्यावरून ओला हात फिरवून पाय धुतात, त्याला वजू म्हणतात. ऑफिसच्या स्वच्छतागृहात कोणी बेसिनमध्ये पाय धुताना दिसला तर नाक मुरडू नका.

शुक्रवारच्या दुपारची सामुदायिक नमाज सर्वांत महत्त्वाची. 2022 च्या जानेवारीपासून अमिरातीत सरकारी सुट्टी शनिवार-रविवार झाली आणि शुक्रवार अर्धा दिवस राहिला. शारजात मात्र शुक्रवारपासून तीन दिवस सुट्टी असते. दुबईच्या माणसाला शुक्रवारी दुपारी बैठकीला बोलावू नये, हे दोन्हीकडे लागू.

जकात म्हणजे ऐच्छिक दान नव्हे, कर्तव्य आहे. ठरावीक मर्यादेपेक्षा जास्त शिल्लक (साधारण 85 ग्रॅम सोन्याच्या किमतीइतकी) चांद्र वर्षभर राहिली तर तिच्या अडीच टक्के गरिबांसाठी काढायचे. पुष्कळ जण ती रमजानमध्ये देतात.

आता रमजान. हिजरी वर्ष 354 किंवा 355 दिवसांचे. आपले पंचांगही चांद्र महिन्यांचेच, पण आपण अधिकमास घालून ऋतूंशी मेळ राखतो. इस्लामी कालगणनेत अधिकमास नाही. म्हणून दिवाळी कायम शरदात येते आणि रमजान दर वर्षी दहा-अकरा दिवस अलीकडे सरकतो. 2030 मध्ये तर तो जानेवारीत आणि पुन्हा डिसेंबरअखेर, असा दोनदा सुरू होईल. नेमका दिवस चंद्रदर्शनावर ठरतो, त्यामुळे ईदच्या सुट्टीची विमानतिकिटे काढताना एक दिवस हाताशी ठेवा.

उपवास पहाटेपासून सूर्यास्तापर्यंत, पाण्याचा थेंबही नाही. आपल्या उपवासातली साबुदाण्याची खिचडी इथे नाही! आजारी, प्रवासी, गरोदर स्त्रिया, लहान मुले यांना सूट असते. पाळीच्या दिवसांत स्त्रिया रोजा ठेवत नाहीत. म्हणून एखाद्या सहकारी स्त्रीला 'आज रोजा नाही का?' असे कधीही विचारू नये. मुलांनी डबा जरूर न्यावा, फक्त शाळा सांगेल त्या जागी बसून खावा. दुबईत 2021 पासून उपाहारगृहांना पडदे लावायची सक्ती उरली नाही. तरीही रस्त्यात चालता चालता खाणे-पिणे टाळावे. कामाचे तास खासगी कंपन्यांतही दोनने कमी होतात आणि ही सवलत आपल्यालाही आहे.

संध्याकाळी तोफ उडते, खजूर आणि पाण्याने रोजा सोडतात. मशिदींजवळच्या इफ्तारच्या पंगतीत तुमचा धर्म कोणी विचारत नाही. इफ्तारच्या आधीचा अर्धा तास गाडी जपून चालवा, उपाशी माणसे घाईने घरी निघालेली असतात.

रमजान संपला की ईद-उल-फित्र. त्यानंतर सुमारे सत्तर दिवसांनी, हजच्या काळात, बकरी ईद. इब्राहीम पैगंबर आपला मुलगा अर्पण करायला सिद्ध झाले, त्याची ही आठवण. कुर्बानीच्या मांसाचे तीन वाटे करण्याची रीत आहे : घरचा, नातलग-मित्रांचा आणि गरिबांचा. तुमच्या दारीही वाटा येईल. शाकाहारी असाल तर दारातच हसून तसे सांगा, कोणी रागावत नाही. शाबान महिन्याच्या मध्याला स्थानिक मुले पिशव्या घेऊन घरोघर खाऊ मागत गातात. त्याला 'हक अल लैला' म्हणतात. त्या दिवशी घरात चॉकलेटे असू द्या.

फराळाचे उत्तर : अवश्य द्या. तूप, बेसन, साखर यांत त्यांना वर्ज्य असे काही नाही. पण नैवेद्य दाखवलेला पदार्थ बहुतेक मुसलमान खात नाहीत. म्हणून त्यांचे ताट नैवेद्याआधी वेगळे काढावे आणि देताना तसे सांगावे. हे न सांगता प्रसाद खाऊ घालणे ही फसवणूक होईल.

शेवटी जरा कडक सूचना. कोणत्याही धर्माची निंदा हा इथे गुन्हा आहे. 2015 चा कायदा बदलून 2023 मध्ये नवा आला. 2020 मध्ये समाजमाध्यमांवरच्या मजकुरावरून काही भारतीयांच्या नोकऱ्या गेल्या होत्या. गावाकडच्या गटातून आलेला संदेश पुढे ढकलण्याआधी वाचा.

प्रत्यक्ष पाहायचे असेल तर दुबईतील जुमेरा मशिदीत मुसलमानेतरांसाठी माहितीसह फेरी असते, शुक्रवार सोडून. अबुधाबीची शेख झायद मशीदही सर्वांना खुली आहे. तिथे आधी नोंदणी करावी लागते. अंगभर कपडे घाला, स्त्रियांनी ओढणी जवळ ठेवावी, आणि मुलांचे प्रश्न अडवू नका. तिथले मार्गदर्शक आनंदाने उत्तरे देतात.