सामन्याचा कालावधी (फुटबॉल व्हिडिओ गेम)

सामन्याचा कालावधी ही फुटबॉलवर आधारित व्हिडिओ गेममधील एक मूलभूत मांडणी (सेटिंग) आहे. पडद्यावरील घड्याळात ९० मिनिटांचा दिसणारा सामना प्रत्यक्षात किती मिनिटांत संपावा, हे तिच्याद्वारे ठरवले जाते. ही मांडणी वरवर केवळ सोयीची वाटत असली, तरी गोलसंख्या, खेळाडूंचा थकवा, बदली खेळाडूंचा वापर, डावपेच आणि बलाढ्य संघाच्या विजयाची शक्यता या सर्वांवर तिचा परिणाम होतो. त्यामुळे स्पर्धात्मक खेळात कालावधी हा आवडीचा विषय न राहता नियमाचा भाग बनतो.

## पार्श्वभूमी

मैदानी फुटबॉलमध्ये प्रत्येकी ४५ मिनिटांची दोन सत्रे खेळली जातात. ९० मिनिटांचा कालावधी १८९७ मध्ये खेळाच्या नियमांत समाविष्ट झाला. सध्याच्या नियमावलीतील सातवा नियम सामन्याच्या कालावधीविषयी आहे. सत्रे लहान करायची असल्यास पंच व दोन्ही संघ यांचे सामना सुरू होण्यापूर्वी एकमत व्हावे लागते आणि स्पर्धेच्या नियमांत तशी मुभा असावी लागते.

व्हिडिओ गेममध्ये ९० मिनिटांचा सामना सलग खेळणे बहुतेकांना शक्य नसते. म्हणून या प्रकारातील जुन्या खेळांपासूनच कालावधी निवडण्याची सोय दिसते. १९९४ मधील *सेन्सिबल वर्ल्ड ऑफ सॉकर* या खेळात ३, ५, ७ व १० मिनिटांचे पर्याय होते. ईए स्पोर्ट्सची *फिफा* मालिका १९९३ मध्ये सुरू झाली. २०२३ पासून ती *ईए स्पोर्ट्स एफसी* या नावाने ओळखली जाते. या मालिकेच्या अनेक आवृत्त्यांत एका सत्राचा कालावधी ४ ते २० मिनिटांच्या दरम्यान निवडता येतो. जपानच्या कोनामी कंपनीच्या *प्रो एव्होल्यूशन सॉकर* मालिकेत ५ ते ३० मिनिटांचे पर्याय होते. या मालिकेचे २०२१ मध्ये *ईफुटबॉल* असे नामांतर झाले.

या दोन मालिकांतील आकड्यांचा अर्थ वेगळा आहे. *फिफा*मधील आकडा एका सत्राचा असतो, तर *प्रो एव्होल्यूशन सॉकर*मधील आकडा संपूर्ण सामन्याचा असतो. त्यामुळे '१० मिनिटे' हा पर्याय पहिल्या मालिकेत २० मिनिटांचा सामना देतो आणि दुसऱ्या मालिकेत १० मिनिटांचा. दोन्ही खेळांतील गोलसंख्येची तुलना करताना हा फरक ध्यानात घ्यावा लागतो.

## घड्याळाचा वेग

कालावधी कमी केल्याने खेळाडू अधिक वेगाने धावत नाहीत. वेग वाढतो तो केवळ पडद्यावरील घड्याळाचा. चेंडूची गती, खेळाडूची धाव आणि पास पोहोचण्यास लागणारा वेळ वास्तव सेकंदांतच राहतो. बऱ्याच खेळांत 'खेळाचा वेग' (संथ, सामान्य, जलद) ही स्वतंत्र मांडणी असते. तिचा घड्याळाशी संबंध नसतो, परंतु नवखे खेळाडू या दोहोंची गल्लत करतात.

पुढील तक्त्यात २० सेकंद चालणारी एक चढाई पडद्यावरील घड्याळाचा किती वेळ घेते, हे दिले आहे. संपूर्ण सामना अशाच चढायांचा मानल्यास दोन्ही संघांना मिळून किती चढाया मिळतील, हे शेवटच्या स्तंभात दर्शविले आहे.

| एक सत्र (मिनिटे) | पूर्ण सामना (मिनिटे) | घड्याळाचा वेग | २० सेकंदांची चढाई घड्याळात | एकूण चढाया |
|---|---|---|---|---|
| ४ | ८ | ११.२५ पट | ३ मि. ४५ से. | २४ |
| ६ | १२ | ७.५ पट | २ मि. ३० से. | ३६ |
| १० | २० | ४.५ पट | १ मि. ३० से. | ६० |
| १५ | ३० | ३ पट | १ मि. | ९० |
| २० | ४० | २.२५ पट | ४५ से. | १२० |

याच हिशेबाने ९० मिनिटांच्या सामन्यात २७० चढाया बसतील. मैदानावर मात्र थ्रो-इन, फ्री किक, दुखापती आणि गोलनंतरचा जल्लोष यांत बराच वेळ जातो. व्हिडिओ गेममध्ये हे क्षण झटपट आटोपतात किंवा वगळता येतात. त्यामुळे १२ मिनिटांच्या सामन्यातही चेंडू बहुतांश वेळ खेळात असतो.

## खेळावर होणारे परिणाम

### गोलसंख्या

गोलांचे प्रमाण वास्तव मिनिटांवर अवलंबून असते. १२ मिनिटांच्या सामन्यात सरासरी ३ गोल होत असतील, तर त्याच दराने ३० मिनिटांच्या सामन्यात साडेसात गोल होतील. तुलनेसाठी, २०२२ च्या विश्वचषक स्पर्धेत ६४ सामन्यांत १७२ गोल झाले, म्हणजे सामन्यामागे सरासरी २.६९. त्यामुळे कालावधी वाढवल्यास चाली, पास आणि फटक्यांची संख्या मैदानी सामन्याच्या जवळ जाते, परंतु धावफलक तिच्यापासून दूर जातो.

हा तोल सांभाळण्यासाठी लांब सामने खेळणारे लोक काठिण्यपातळी वाढवतात किंवा फटक्यांची व पासची अचूकता कमी करतात. *फिफा* मालिकेत यासाठी धावण्याचा वेग, फटक्यातील चूक, पासमधील चूक, दुखापतींचे प्रमाण इत्यादी घटक स्वतंत्रपणे बदलता येतात.

### थकवा आणि बदली खेळाडू

खेळाडूचा दमसास कसा घटतो, हे खेळाच्या रचनेवर अवलंबून असते. दमसास पडद्यावरील घड्याळाशी जोडलेला असेल, तर कोणत्याही कालावधीत ७० व्या मिनिटाला थकव्याची पातळी साधारण सारखी राहते. तो प्रत्यक्ष धावेशी जोडलेला असेल, तर छोट्या सामन्यात खेळाडू अखेरपर्यंत ताजे राहतात आणि मोठ्या सामन्यात उत्तरार्धातच दमतात. दुसऱ्या प्रकारात सतत वेगाने धावण्याची सवय छोट्या सामन्यात खपून जाते, पण मोठ्या सामन्यात महागात पडते.

बदली खेळाडूंचे महत्त्वही यानुसार बदलते. सहा मिनिटांच्या सत्रात ६० व्या मिनिटाला मैदानात उतरलेल्या खेळाडूला भरपाई वेळ वगळता वास्तवात चारच मिनिटे मिळतात. वीस मिनिटांच्या सत्रात त्याच खेळाडूला १३ मिनिटांहून अधिक वेळ मिळतो आणि संघाच्या राखीव फळीचा कस लागतो.

### डावपेच

छोट्या सामन्यात आघाडी टिकवणे सोपे असते. सहा मिनिटांच्या सत्रात घड्याळातील शेवटची १० मिनिटे म्हणजे वास्तवातील ८० सेकंद. बचावफळीत चेंडू फिरवत ठेवून अशा तीन-चार चढायांचा वेळ सहज घालवता येतो. वीस मिनिटांच्या सत्रात हीच १० मिनिटे सुमारे साडेचार मिनिटांची होतात आणि पिछाडीवरील संघाला सामना फिरवण्याची संधी राहते.

प्रतिस्पर्ध्याचा खेळ ओळखून आपली रचना बदलणे, मधल्या फळीतून संथपणे चाल रचणे, एकाच बाजूने वारंवार चढाई करून बचाव खिळखिळा करणे, या गोष्टींना वेळ लागतो. म्हणून छोटा कालावधी लांब पास आणि वेगवान आघाडीवीर यांना अनुकूल ठरतो, तर मोठ्या कालावधीत चेंडूवरील ताबा आणि संयम यांचे मोल वाढते.

### पिवळी व लाल कार्डे

प्रत्येक टॅकलमध्ये चूक होण्याची शक्यता असते. सामना लांबला की टॅकलची संख्या वाढते आणि त्याबरोबर पिवळी व लाल कार्डे तसेच दुखापतीही वाढतात. सलग हंगाम खेळताना खेळाडूंवरील बंदी आणि जायबंदी खेळाडूंची यादी या कारणाने लांबू शकते.

## निकालाची न्याय्यता

कालावधीचा सर्वांत महत्त्वाचा परिणाम निकालावर होतो. संधी जितक्या कमी, तितका योगायोगाचा वाटा अधिक. गोलांची संख्या पॉइसाँ वितरणानुसार मानून हे पडताळता येते. एका संघाची गोल करण्याची क्षमता दुसऱ्याच्या दीडपट आहे आणि १० मिनिटांच्या सामन्यात त्यांचे अपेक्षित गोल अनुक्रमे १.५ व १ आहेत, असे समजू. कालावधी वाढला तरी दोघांचा दर तोच राहतो, असे धरल्यास शक्यता सुमारे पुढीलप्रमाणे येतात.

| पूर्ण सामना | बलाढ्य संघ विजयी | बरोबरी | दुबळा संघ विजयी |
|---|---|---|---|
| १० मिनिटे | ४९% | २६% | २५% |
| २० मिनिटे | ५९% | १७% | २५% |
| ४० मिनिटे | ६८% | ११% | २१% |

(पूर्णांकनामुळे बेरीज १०० पेक्षा किंचित वेगळी येऊ शकते.)

यातून एक अनपेक्षित गोष्ट दिसते. छोट्या सामन्यात दुबळ्या संघाला आधार मिळतो तो मुख्यतः बरोबरीचा, थेट विजयाचा नव्हे. साखळी स्पर्धेत बरोबरीमुळे एक गुण मिळतो. बाद फेरीत मात्र सामना जादा वेळेत आणि पुढे पेनल्टी शूटआउटमध्ये जातो, जिथे दोन्ही संघांमधील अंतर आणखी कमी होते. म्हणून बाद पद्धतीच्या छोट्या सामन्यांच्या स्पर्धेत धक्कादायक निकालांची शक्यता वाढते. हे टाळण्यासाठी एका सामन्याचा कालावधी वाढवण्याऐवजी दोन किंवा तीन सामन्यांची लढत घेण्याचा मार्गही वापरला जातो.

## खेळण्याच्या पद्धतीनुसार फरक

एकट्याने खेळणे. संघाचा व्यवस्थापक म्हणून हंगाम खेळण्याच्या प्रकारात खेळणाऱ्याचे सामने निवडलेल्या कालावधीत होतात. इतर संघांचे निकाल मात्र संगणक आकडेमोडीने ठरवतो. त्यामुळे खूप मोठा कालावधी निवडल्यास खेळणाऱ्याचा आघाडीवीर गोलांच्या यादीत इतरांच्या कितीतरी पुढे जातो, तर फार छोटा निवडल्यास तो मागे पडतो.

ऑनलाइन खेळ. दोन अनोळखी खेळाडूंना समान अटी मिळाव्यात म्हणून येथे कालावधी निवडता येत नाही. *फिफा*च्या अल्टिमेट टीम प्रकारात सहा मिनिटांचे सत्र ठरलेले असते.

मोबाइल. मोबाइलवरील सामने प्रवासात व फावल्या वेळात खेळले जातात. उदाहरणार्थ, कल्याणजवळच्या मोहने गावाचे नजीकचे रेल्वे स्थानक आंबिवली आहे. तेथून कल्याणपर्यंत मध्ये शहाड हे एकच स्थानक लागते. एवढ्या लोकल प्रवासात छोटा सामना कसाबसा पूर्ण होतो, तर २० मिनिटांचा सामना अर्धवट सोडावा लागतो. ऑनलाइन सामना अर्धवट सोडणे म्हणजे सहसा पराभव असल्याने कालावधी छोटा ठेवणे हे या माध्यमाचे स्वाभाविक अंग बनले आहे.

अन्य खेळ. *रॉकेट लीग* (२०१५) या मोटारींच्या फुटबॉलमध्ये ९० मिनिटांचा आभास निर्माण केला जात नाही. तेथील सामना वास्तव पाच मिनिटांचा असतो आणि वेळ संपल्यावरही चेंडू जमिनीला टेकेपर्यंत खेळ चालू राहतो. *फुटबॉल मॅनेजर* मालिकेत सामना संगणक खेळतो. खेळणारा केवळ ठळक क्षण पाहायचे की पूर्ण सामना, हे निवडतो. तेथे पाहण्याचा कालावधी बदलला तरी सामन्याची लांबी बदलत नाही.

## भारतातील संदर्भ

सामन्याच्या लांबीमुळे खेळ बदलतो, हा अनुभव भारतीय फुटबॉलला नवा नाही. १९५० व १९६० च्या दशकांत देशांतर्गत स्पर्धांत ७० मिनिटांचे सामने खेळले जात, तर आंतरराष्ट्रीय सामने ९० मिनिटांचे असत. कमी वेळेच्या सामन्यांची सवय असलेल्या खेळाडूंना शेवटच्या २० मिनिटांत दमसास टिकवणे कठीण जाई.

सध्या ठाणे, कल्याण व डोंबिवली परिसरात कृत्रिम हिरवळीची मैदाने (टर्फ) तासाच्या दराने भाड्याने मिळतात. तेथेही उपलब्ध तास, जमलेले संघ आणि सामन्यांची संख्या यांवरून कालावधी ठरतो. गेमिंग पार्लरमध्ये किंवा घरी एकाच कन्सोलवर पाळीपाळीने खेळणाऱ्या गटांतही हेच घडते. आठ खेळाडूंच्या बाद स्पर्धेत एकूण सात सामने होतात. सहा मिनिटांच्या सत्रांनी त्यांना मध्यंतरे वगळून ८४ मिनिटे लागतात, तर दहा मिनिटांच्या सत्रांनी १४० मिनिटे लागतात.

इंडियन सुपर लीगचा समावेश २०२१ मध्ये प्रकाशित झालेल्या *फिफा २२* मध्ये झाला. त्यामुळे मुंबई सिटी एफसी आणि एफसी गोवा हे संघ या खेळात उपलब्ध झाले. २०२३ मध्ये चीनमधील हांगचौ येथे झालेल्या आशियाई क्रीडा स्पर्धेत ई-स्पोर्ट्सला प्रथमच पदकांच्या स्पर्धेचा दर्जा मिळाला आणि त्यात *ईए स्पोर्ट्स एफसी ऑनलाइन* या फुटबॉल खेळाचा समावेश होता. पदके व मानांकने पणाला लागलेली असताना कालावधी सर्वांसाठी समान आणि आधीच जाहीर असणे आवश्यक ठरते.

## कालावधीची निवड

कोणताही एक कालावधी सर्वांसाठी योग्य नसतो. ऑनलाइन सामन्यांचा सराव करणाऱ्यास सहा मिनिटांचे सत्र उपयुक्त ठरते, कारण स्पर्धेतील घाई त्यातूनच अंगवळणी पडते. मैदानी सामन्यासारखी चाल रचण्याचा आनंद हवा असणाऱ्यास दहा मिनिटे किंवा त्याहून मोठे सत्र आणि वरची काठिण्यपातळी सोयीची ठरते. मित्रमंडळींच्या स्पर्धेत पाळी लवकर यावी म्हणून छोटे सामने घेतल्यास साखळी पद्धत किंवा परतीची लढत ठेवणे अधिक न्याय्य असते. कालावधी पहिल्या सामन्याआधी ठरवून अंतिम सामन्यापर्यंत तोच ठेवावा लागतो, कारण मध्येच तो बदलल्यास आधीचे व नंतरचे निकाल समान कसोटीवर राहत नाहीत.